एकशे पंचेचाळीसची सामाईक विहीर: आघाडी सरकार जुळते कसे आणि टिकते कशावर

२३ नोव्हेंबर २०२४ रोजी महाराष्ट्र विधानसभेचा निकाल लागला आणि चित्र दुपारीच स्पष्ट झाले. भारतीय जनता पक्षाला १३२, एकनाथ शिंदे यांच्या शिवसेनेला ५७ आणि अजित पवार यांच्या राष्ट्रवादी काँग्रेसला ४१ जागा मिळाल्या होत्या. बेरीज २३०. २८८ जणांच्या सभागृहात बहुमताला लागतात १४५. एवढे असूनही मुख्यमंत्र्यांचा शपथविधी झाला तो ५ डिसेंबरला, म्हणजे तब्बल बारा दिवसांनी. त्या बारा दिवसांत सोलापुरात चहाच्या प्रत्येक टपरीवर एकच प्रश्न ऐकू येत होता: पोत्याने आमदार आहेत, मग घोडे अडले कुठे?

प्रश्न साधा वाटतो, पण त्याचे उत्तर आघाडी सरकार नावाच्या व्यवस्थेच्या मुळाशी जाते. २०१९ मध्ये २४ ऑक्टोबरला लागलेल्या निकालानंतर पाच आठवडे हाच गोंधळ चालला होता आणि मध्ये एक राष्ट्रपती राजवट, एक भल्या सकाळचा शपथविधी आणि एक राजीनामा येऊन गेला. या घडामोडींकडे आपण बहुतेक वेळा मानापमानाचे नाटक म्हणून पाहतो. कोण रुसले, कोण गावी जाऊन बसले, कोणी कोणाचा फोन घेतला नाही, याच्याच बातम्या होतात. रुसवेफुगवे असतातच, परंतु त्यांच्या खाली एक बऱ्यापैकी कोरडा हिशेब असतो आणि तो एकदा कळला की रुसव्याचे कारणही कळते.

मत आमदाराला, मुख्यमंत्रिपद आकड्याला

सोलापूर जिल्ह्यात विधानसभेचे ११ मतदारसंघ आहेत. करमाळ्याचा मतदार करमाळ्याचा आमदार निवडतो, अक्कलकोटचा मतदार अक्कलकोटचा. मुख्यमंत्रिपदासाठी कोणीही मत देत नाही, कारण मतदान यंत्रावर ते पद नसतेच. राज्यघटनेच्या अनुच्छेद १६४ नुसार मुख्यमंत्र्यांची नेमणूक राज्यपाल करतात आणि मंत्रिमंडळ सामूहिकरीत्या विधानसभेला जबाबदार असते. या दुसऱ्या वाक्याचा व्यवहारातला अर्थ असा की, सभागृहातील बहुसंख्य आमदार जोपर्यंत पाठीशी आहेत तोपर्यंतच सरकार आहे, आणि ते ज्या दिवशी पाठीशी नसतील त्या दिवशी पाच वर्षांपैकी कितीही काळ उरलेला असला तरी सरकार नाही.

इथेच आपली गल्लत होते, कारण गावात आणि शहरात आपण वेगळ्या पद्धती पाहिलेल्या असतात. सरपंच आता थेट जनतेतून निवडला जातो. ही पद्धत २०१७ मध्ये आली, २०२० मध्ये रद्द झाली आणि २०२२ मध्ये पुन्हा आणली गेली. महापालिकेत महापौर नगरसेवक निवडतात खरे, पण एकदा निवडून आला की त्याची अडीच वर्षांची मुदत ठरलेली असते. सोलापूर महापालिकेच्या २०१७ च्या निवडणुकीत १०२ पैकी ४९ जागा भाजपला मिळाल्या, बहुमताला तीन कमी, तरीही महापौर भाजपचाच झाला, कारण तिथे उपस्थितांमध्ये ज्याला सर्वाधिक मते तो महापौर. मंत्रिमंडळाला ही चैन नाही. त्याला आपले बहुमत मागितले जाईल त्या दिवशी दाखवावे लागते.

युती, आघाडी आणि बाहेरून पाठिंबा

एका पक्षाला १४५ मिळाले तर पुढचे सारे सोपे. महाराष्ट्रात १९९० नंतर कोणत्याही एका पक्षाला तो आकडा गाठता आलेला नाही, म्हणजे तीन दशकांहून अधिक काळ हे राज्य भागीदारीवरच चालले आहे. दोन किंवा अधिक पक्षांनी मिळून चालवलेल्या अशा सरकारला आपण आघाडी सरकार किंवा संमिश्र सरकार म्हणतो. आपल्याकडे शिवसेना-भाजप एकत्र आले की ‘युती’ आणि काँग्रेस-राष्ट्रवादी एकत्र आले की ‘आघाडी’ अशी वाटणी वर्तमानपत्रांनी करून टाकली आहे. अर्थाच्या दृष्टीने दोन्हींत काडीचाही फरक नाही.

फरक आहे तो वेळेचा. निवडणुकीपूर्वी जागावाटप करून एकत्र लढणे वेगळे आणि निकालानंतर आकडे पाहून एकत्र येणे वेगळे. १९९५ मध्ये शिवसेनेचे ७३ आणि भाजपचे ६५ असे १३८ आमदार निवडून आले, ते आधीपासूनच एकत्र होते. कमी पडलेले सात त्यांनी त्या वर्षी निवडून आलेल्या ४५ अपक्षांमधून जमवले आणि मनोहर जोशी मुख्यमंत्री झाले. उलट जून १९९९ मध्ये काँग्रेसमधून फुटून राष्ट्रवादी काँग्रेस स्थापन झाली, दोन्ही पक्ष निवडणुकीत एकमेकांविरुद्ध लढले, आणि काँग्रेसच्या ७५ व राष्ट्रवादीच्या ५८ जागा हातात आल्यावर ऑक्टोबरमध्ये विलासराव देशमुखांच्या मंत्रिमंडळात शेजारी शेजारी बसले. ती भागीदारी पुढे सलग पंधरा वर्षे सत्तेत राहिली. निवडणुकीत एकमेकांवर केलेल्या टीकेवरून भागीदारीच्या आयुष्याचा अंदाज बांधू नये, तो असा.

तिसरा प्रकार बाहेरून पाठिंब्याचा. पक्ष मंत्रिमंडळात सामील होत नाही, फक्त मतदानाच्या वेळी सरकारच्या बाजूने उभा राहतो. त्याला मंत्रिपदे मिळत नाहीत, पण सरकारच्या चुकांचा हिशेबही द्यावा लागत नाही. २००४ ते २००८ या काळात डाव्या पक्षांनी केंद्रातील मनमोहनसिंग सरकारला असाच पाठिंबा दिला होता. हा पाठिंबा स्वस्तात मिळतो आणि स्वस्तातच जातो.

राज्यपाल आधी कोणाला बोलावतात

घटनेत याचा क्रम लिहिलेला नाही. केंद्र-राज्य संबंधांचा विचार करणाऱ्या सरकारिया आयोगाने १९८० च्या दशकात जो क्रम सुचवला, तो सर्वसाधारणपणे मानला जातो: आधी निवडणूकपूर्व आघाडी, मग इतरांच्या पाठिंब्यासह सर्वांत मोठा पक्ष, मग निकालानंतर जुळलेली आणि सर्व घटक सत्तेत सहभागी असलेली आघाडी, आणि शेवटी निकालानंतरची अशी आघाडी, जिचे काही घटक बाहेरून पाठिंबा देणार आहेत. राज्यपालांच्या हातात बरीच मोकळीक उरते आणि वाद तिथेच होतात.

मात्र एका गोष्टीत आता मोकळीक नाही. बहुमत आहे की नाही हे राजभवनाच्या दिवाणखान्यात मोजायचे नसते, ते विधानसभेच्या सभागृहात मोजायचे असते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ च्या बोम्मई खटल्यात सांगितले. २३ नोव्हेंबर २०१९ च्या सकाळी देवेंद्र फडणवीस आणि अजित पवार यांनी शपथ घेतली, तेव्हा न्यायालयाने याच तत्त्वाने २६ तारखेला आदेश दिला की दुसऱ्या दिवशी सभागृहात मतदान घ्या. मतदानाची वेळच आली नाही. त्याच दिवशी दोघांनीही राजीनामे दिले आणि २८ तारखेला उद्धव ठाकरे मुख्यमंत्री झाले.

सामाईक विहिरीचे गणित

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. समजा, माण नदीच्या काठाला कोठेतरी तीन भावांची एक सामाईक विहीर आहे. एकट्याच्या ऐपतीत विहीर बसत नव्हती म्हणून तिघांनी मिळून खोदली. एकाचा ऊस आहे, दुसऱ्याची ज्वारी, तिसऱ्याचे डाळिंब. प्रत्येकाला पाणी हवे आहे, पण वेगळ्या वेळी आणि वेगळ्या प्रमाणात. पाळी कशी लावायची, मोटार जळाली तर खर्च कोणी किती द्यायचा, आणि स्टार्टरच्या पेटीची किल्ली कोणाकडे राहील, यावर त्यांची बोलणी होतात. आघाडीतल्या वाटाघाटी याच असतात. पाळी म्हणजे खातेवाटप, खर्च म्हणजे बदनामीची वाटणी, आणि किल्ली म्हणजे मुख्यमंत्रिपद.

या बोलण्यांत कोणाचे वजन किती? आपण सहज म्हणतो, ज्याचे आमदार जास्त त्याचे वजन जास्त. हे अर्धेच खरे आहे. खरा प्रश्न असा विचारायला हवा की, हा भागीदार उठून गेला तर विहीर कोरडी पडेल का?

हा प्रश्न आपल्या राज्याच्या अलीकडच्या तीन सरकारांना लावून पाहा. २०१९ ची महाविकास आघाडी शिवसेना ५६, राष्ट्रवादी ५४ आणि काँग्रेस ४४ अशी १५४ ची होती. अपक्ष आणि लहान पक्ष धरून विश्वासदर्शक ठरावावर तिला १६९ मते पडली. यातून ४४ चा सर्वांत लहान घटक वजा केला तरी उरतात १२५, म्हणजे सरकार पडते. तिघांपैकी प्रत्येक जण अपरिहार्य होता, म्हणून ४४ वाल्यांचा नकारही ५६ वाल्यांइतकाच जड होता, आणि एका पक्षात फूट पडताच सारा डोलारा कोसळला.

जून २०२२ मध्ये भाजपकडे १०६ आमदार होते. त्यातला एकशे सहावा २०२१ च्या पंढरपूर-मंगळवेढा पोटनिवडणुकीतून, म्हणजे आपल्याच जिल्ह्यातून आलेला. एकनाथ शिंदे यांच्यासोबत शिवसेनेचे सुमारे ४० आमदार होते. १०६ वाल्यांना १४५ गाठायचे तर हे ४० सोडून दुसरा धड मार्ग नव्हता. परिणामी १०६ वाल्या पक्षाने मुख्यमंत्रिपद ४० वाल्या गटाला दिले आणि स्वतःच्या माजी मुख्यमंत्र्यांना उपमुख्यमंत्री केले. अनेकांना हे औदार्य वाटले, अनेकांना कोडे. हिशेबाने पाहिले तर ती किंमत होती.

आणि २०२४? भाजप १३२. हवेत आणखी १३. शिंदे यांच्याकडे ५७ आहेत, म्हणजे दोन वर्षांपूर्वीपेक्षा जास्त. पण अजित पवारांकडे ४१ आहेत आणि दोघांपैकी कोणा एकाच्या आधारावर १४५ सहज पार होतात. आमदार वाढले, वजन घटले. किल्ली भाजपकडे गेली, आणि ते बारा दिवस प्रामुख्याने या बदललेल्या वजनाची समजूत घालण्यात गेले.

दिल्लीतही हीच मोजपट्टी चालते. २०२४ मध्ये लोकसभेच्या ५४३ पैकी भाजपला २४० आणि राष्ट्रीय लोकशाही आघाडीला एकूण २९३ जागा मिळाल्या. बहुमत २७२ वर. तेलुगू देसमचे १६ गेले तर २७७ उरतात, संयुक्त जनता दलाचे १२ गेले तर २८१, सरकार राहते. दोघे एकाच वेळी गेले तर मात्र २६५ उरतात. निकालाच्या दिवशीचे बळ धरून सांगायचे तर, यातील एकेकट्या पक्षाची धमकी बातमीपुरती असते, दोघांनी एकत्र दिलेली धमकी खरी असते.

वाटायला आहे तरी किती

वाटाघाटींना मर्यादा घालणारी एक तरतूद २००३ च्या ९१ व्या घटनादुरुस्तीने आली. मंत्र्यांची संख्या, मुख्यमंत्री धरून, सभागृहाच्या १५ टक्क्यांपेक्षा जास्त असता कामा नये. महाराष्ट्रात २८८ च्या हिशेबाने ती ४३ होते. २३० आमदारांमध्ये ४३ ताटे. पाचातल्या चौघांना पंगतीबाहेर राहावे लागणार हे उघड आहे. महामंडळांची अध्यक्षपदे आणि समित्या यांना महत्त्व आले ते यामुळे.

उपमुख्यमंत्रिपदाचा घटनेत उल्लेख नाही. कायद्याच्या दृष्टीने ते एक साधे मंत्रिपद आहे, पण भागीदाराला मान देण्यासाठी ते सोयीचे असल्यामुळे आता एकाऐवजी दोन-दोन उपमुख्यमंत्री होऊ लागले आहेत. खरी ओढाताण खात्यांसाठी असते. गृह खात्याकडे पोलीस, अर्थ खात्याकडे तिजोरी, महसूलकडे जमीन, नगरविकासकडे शहरे. पद हवे की खाती, हा सौदा कसा होतो याचे उदाहरण सोलापूरकर सहसा विसरत नाहीत. २००४ ची निवडणूक झाली तेव्हा सोलापूरचे सुशीलकुमार शिंदे मुख्यमंत्री होते. राष्ट्रवादीला ७१ आणि काँग्रेसला ६९ जागा मिळाल्या, म्हणजे मुख्यमंत्रिपदावर राष्ट्रवादीचा दावा बनत होता. दोन आठवड्यांच्या बोलण्यांनंतर राष्ट्रवादीने ते पद सोडून मंत्रिपदांचा अधिक वाटा घेतला, काँग्रेसने पद राखले, पण त्या पदावर विलासराव देशमुख आले आणि सुशीलकुमार शिंदे आंध्र प्रदेशचे राज्यपाल झाले. यातील एकाही निर्णयासाठी मतदाराला पुन्हा विचारण्याची गरज कायद्याने नव्हती.

कधी कधी किल्लीचीच पाळी लावतात: अर्धा काळ तू, अर्धा काळ मी. ज्यांनी भिशी चालवली आहे त्यांना यातला धोका सांगायला नको. पहिला हप्ता उचललेल्या माणसाला पुढचे हप्ते भरण्याची घाई नसते. आपल्या सीमेपलीकडच्या कर्नाटकात २००६ मध्ये जनता दल (धर्मनिरपेक्ष) आणि भाजप यांनी वीस-वीस महिन्यांची पाळी ठरवली. पहिले वीस महिने संपल्यावर कुमारस्वामींनी खुर्ची सोडण्यास नकार दिला आणि सरकार गेले. पुन्हा समेट होऊन येडियुरप्पांनी शपथ घेतली, तर आठवडाभरात पाठिंबा निघाला. जम्मू-काश्मीरमध्ये मात्र मुफ्ती महंमद सईद यांनी २००५ मध्ये ठरल्याप्रमाणे गुलाम नबी आझाद यांच्याकडे पद सोपवले होते. २०१९ मध्ये शिवसेना आणि भाजप यांच्यात अडीच-अडीच वर्षांचा शब्द दिला गेला होता की नाही, यावर दोन्ही बाजू आजही उलट सांगतात. शब्द बंद खोलीतला असेल तर त्याचा उतारा मिळत नाही.

कागदावरचा करार काही उपयोगाचा असतो का

काही प्रमाणात. किमान समान कार्यक्रम म्हणजे भागीदार पक्षांनी, आपापले टोकाचे आग्रह बाजूला ठेवून, ज्यावर सहमती आहे एवढ्याच कामांची केलेली लेखी यादी. जर्मनीत ही प्रथा फार पुढे गेली आहे. तिथे २०२१ मध्ये तीन पक्षांनी केलेला करार १७८ पानांचा होता. इतके सगळे लिहूनही नोव्हेंबर २०२४ मध्ये अर्थसंकल्पाच्या वादातून चान्सेलर, म्हणजे तिथले सरकारप्रमुख, ओलाफ शोल्त्स यांनी अर्थमंत्र्यांना काढले आणि ती आघाडी मोडली. लिहिलेल्या गोष्टींवरून सहसा भांडण होत नाही. करारानंतर उद्भवलेल्या गोष्टींवरून होते. म्हणून करारापेक्षा समन्वय समितीची नियमित बैठक अधिक कामाची, असे माझे मत आहे. विहिरीवरही पाळीचा कागद कोनाड्यात पडलेला असतो आणि मिटते ते बांधावर बसून बोलल्यानेच.

कराराला वेळ किती लागावा? बेल्जियमला २०१०-११ मध्ये पूर्ण सरकार बनवायला ५४१ दिवस लागले, नेदरलँड्सला २०२१ च्या निवडणुकीनंतर २९९. आपले बारा दिवस काहीच नव्हेत. तिथे दरम्यान जुने मंत्रिमंडळ काळजीवाहू म्हणून कारभार पाहते आणि प्रशासन चालू राहते.

भांडूनही सरकार का पडत नाही

रोज एकमेकांवर बोलणारे पक्ष वर्षानुवर्षे एकत्र का राहतात, याचेही उत्तर विहिरीपाशीच सापडते. भाऊ वाटणी मागत नाही तो प्रेमापोटी नव्हे. स्वतःची बोअर मारायची तर पाणी लागेलच याचा भरवसा नसतो. सरकारमधून बाहेर पडणाऱ्या पक्षासमोरही दोनच वाटा असतात: दुसऱ्या जुळणीत सामील होणे किंवा निवडणुकीला सामोरे जाणे. पहिली उपलब्ध नसेल आणि दुसरीची भीती असेल, तर तो कितीही कडाडला तरी जागचा हलत नाही.

हिशेब चुकला तर काय होते ते १९९९ मध्ये दिसले. अण्णाद्रमुकने पाठिंबा काढला आणि १७ एप्रिलला वाजपेयी सरकार २६९ विरुद्ध २७० असे एका मताने पडले. मात्र पाडणाऱ्यांना पर्यायी सरकार जुळवता आले नाही, निवडणूक झाली आणि वाजपेयीच परत आले. २००८ मध्ये अमेरिकेबरोबरच्या अणुकराराच्या प्रश्नावर डावे बाहेर पडले, तेव्हा समाजवादी पक्ष मदतीला आला आणि सरकारने २७५ विरुद्ध २५६ मतांनी ठराव जिंकला. जर्मनीने तर हा धडा घटनेतच घालून ठेवला आहे: नवा चान्सेलर कोण, हे त्याच ठरावात सांगून त्याला बहुमत दिल्याशिवाय जुन्याला हटवता येत नाही. ही तरतूद आजवर एकदाच, १९८२ मध्ये, यशस्वी झाली.

आणखी एक बारकावा. सभागृहातील बहुमत उपस्थित राहून मतदान करणाऱ्यांमध्ये मोजतात. म्हणजे आपल्या पक्षाच्या विरोधात मत देण्याची हिंमत नसलेला विरोधी आमदार नुसता गैरहजर राहूनही सरकारला मदत करू शकतो. ४ जुलै २०२२ रोजी शिंदे सरकारच्या बाजूने १६४ आणि विरोधात ९९ मते पडली. बेरीज २६३ होते, २८८ नव्हे.

पक्षांतरबंदी कायदा आहे, मग पक्ष फुटतात कसे

हा आक्षेप सर्वांत जास्त ऐकू येतो आणि तो रास्त आहे. १९८५ च्या ५२ व्या घटनादुरुस्तीने दहावे परिशिष्ट जोडले. पक्षाचा व्हिप, म्हणजे कसे मतदान करायचे याचा पक्षाने काढलेला आदेश, मोडला किंवा पक्ष स्वेच्छेने सोडला, तर आमदारकी जाते. सुरुवातीला एक तृतीयांश आमदार एकत्र फुटले तर त्यांना अभय होते. ते २००३ मध्ये काढले गेले आणि उरली फक्त विलीनीकरणाची वाट, तीही दोन तृतीयांश आमदार सोबत असतील तर.

कायदा कडक झाला, तशी पळवाटही बदलली. आता बंडखोर गट ‘आम्ही फुटलो’ असे म्हणतच नाही. ‘आम्हीच मूळ पक्ष आहोत’ असे म्हणतो. २०२२ मध्ये शिवसेनेत आणि २०२३ मध्ये राष्ट्रवादीत हेच घडले. खरा पक्ष कोणता आणि चिन्ह कोणाचे हे निवडणूक आयोग ठरवतो, अपात्रतेचा निर्णय विधानसभेचे अध्यक्ष देतात, आणि अध्यक्ष स्वतः बहुमताच्या जोरावर निवडून आलेले असतात. ज्याच्यावर खटला आहे त्यांच्याच मतांनी न्यायाधीश निवडला जावा, अशी ही रचना आहे, आणि माझ्या मते कायद्याची खरी भेग तिथे आहे.

सर्वोच्च न्यायालयाने ११ मे २०२३ च्या निकालात राज्यपालांनी बहुमत सिद्ध करण्यास सांगणे चुकीचे होते असे म्हटले, आणि व्हिप काढणारा प्रतोद नेमण्याचा अधिकार विधिमंडळातील गटाचा नसून राजकीय पक्षाचा आहे हेही स्पष्ट केले. पण जुने सरकार परत आणता आले नाही, कारण उद्धव ठाकरे यांनी मतदानाला सामोरे न जाता राजीनामा दिला होता. हरणार हे दिसत असतानाही सभागृहात उभे राहून हरण्याचा कायदेशीर उपयोग असतो, हे त्या निकालाने दाखवले.

हा मतदाराचा विश्वासघात नव्हे का

निकालानंतर विरोधकाशी हातमिळवणी झाली की मतदाराला फसल्यासारखे वाटते, आणि तशी भावना होणे चूक नाही. पण दुसरी बाजूही पाहावी. कोणालाच बहुमत नसेल तर कोणी ना कोणी आपला शब्द थोडा मोडल्याशिवाय सरकारच बनत नाही. ते न करायचे तर पुन्हा निवडणूक घ्यायची आणि तीच मते पुन्हा तशीच पडण्याची वाट पाहायची. मला फरक वाटतो तो उघड तडजोड आणि रातोरातची तडजोड यांत. पक्ष म्हणून निर्णय घेऊन, कार्यक्रम जाहीर करून एकत्र येणे एक, आणि आमदारांना परराज्यातील हॉटेलात नेऊन ठेवणे दुसरे.

एकाच पक्षाचे सरकार बरे नव्हे का, असेही विचारले जाते. निर्णय वेगाने होतात हे खरे. पण माहितीचा अधिकार आणि ग्रामीण रोजगार हमीचा राष्ट्रीय कायदा हे दोन्ही २००५ मध्ये, आघाडी सरकारच्या काळात झाले. त्यातल्या दुसऱ्याची मूळ कल्पना महाराष्ट्राची, १९७२ च्या दुष्काळात खडी फोडायला गेलेल्या सोलापूरसारख्या जिल्ह्यांच्या अनुभवातून आलेली. लहान पक्ष मोठ्याला वेठीस धरतो हा आरोप काही वेळा खरा असतो, पण त्याच वाटेने लहान पक्षाचा माणूस सरकारात पोहोचतो. सांगोल्यातून अकरा वेळा निवडून आलेले शेतकरी कामगार पक्षाचे गणपतराव देशमुख १९७८ मध्ये पुलोदच्या, म्हणजे पुरोगामी लोकशाही दलाच्या, आणि १९९९ मध्ये काँग्रेस-राष्ट्रवादीच्या लोकशाही आघाडीच्या सरकारात मंत्री झाले, दोन्ही वेळा आघाडीमुळेच. एकपक्षीय राजवटीत त्यांच्या पक्षासाठी विरोधी बाकच होता.

आणि सोलापूरच्या वाट्याला काय

मुंबईतली वाटणी जिल्ह्यात पोहोचते ती पालकमंत्र्याच्या रूपाने. जिल्हा नियोजन समितीचा अध्यक्ष तोच, आणि रस्ते, शाळाखोल्या, जलसंधारण यांचा जिल्ह्याचा निधी त्याच्या सहीने हलतो. एप्रिल २०२१ मध्ये उजनी धरणाचे पाच टीएमसी पाणी पुणे जिल्ह्यातील इंदापूरकडे नेण्याचा आदेश निघाला, तेव्हा आपले पालकमंत्री दत्तात्रय भरणे इंदापूरचेच आमदार होते. जिल्ह्यात सर्वपक्षीय विरोध उसळला आणि आदेश मे महिन्यात मागे घ्यावा लागला. त्या विरोधात सत्ताधारी आघाडीतील माणसेही होती. विहीर सामाईक असली तरी पिके आपापली असतात.

२०२४ मध्ये जिल्ह्याच्या ११ जागांपैकी सत्तारूढ महायुतीला पाच मिळाल्या, पाचही भाजपच्या. त्या पाचांशिवायही सरकारचे भागत होते, आणि डिसेंबरच्या विस्तारात त्यांच्यापैकी कोणाचे नाव आले नाही. १८ जानेवारी २०२५ रोजी पालकमंत्र्यांची यादी निघाली, तीत सोलापूरसाठी सातारा जिल्ह्यातील माणचे आमदार जयकुमार गोरे यांचे नाव होते. त्याच यादीतील रायगड आणि नाशिकच्या नेमणुकांना दुसऱ्याच दिवशी स्थगिती मिळाली, कारण तिथे भागीदार पक्षांचे दावे एकमेकांवर आले होते. सोलापूरच्या नेमणुकीवर कोणी हरकत घेतली नाही. इथे महायुतीत भाजपशिवाय दुसऱ्या पक्षाचा एकही आमदार नव्हता.